जगात जर्मनी, पडद्यावर परभणी

परभणीच्या माणसाला गावाबद्दलची दोन वाक्यं लहानपणापासून पाठ असतात. ‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ हे त्यानं स्वतः म्हणायचं आणि ‘बनी तो बनी, नहीं तो परभणी’ हे दुसऱ्यानं म्हटलं की ऐकून घ्यायचं. पहिल्या वाक्यात यमक सोडून काही नाही. दुसऱ्यात अनुभव आहे. ते कुणी काढलं याबद्दल आमच्याकडं चौकाचौकात वेगळी मतं ऐकायला मिळतात. माझं मत असं, की ते टीव्हीसाठी लिहिणाऱ्या माणसानं काढलं. टीव्ही यायच्या आधीपासून लोक ते म्हणतात एवढीच काय ती अडचण आहे. पण त्या सहा शब्दांत टीव्हीच्या लेखकाचं सगळं करिअर बसतं. मालिका बनली तर बनली, नाहीतर दादरहून देवगिरी एक्सप्रेस आहेच.

परभणी जिल्ह्यात नऊ तालुके आहेत आणि नऊंपैकी एकाही तालुक्यात ‘मी मालिका लिहितो’ हे वाक्य एकदा म्हणून भागत नाही. डॉक्टर, मास्तर, तलाठी, एलआयसी एजंट यांना हा त्रास नाही. आमचा संवाद मात्र ठरलेला आहे.

“काय करायलास सध्या मुंबईला?”

“मालिका लिहितो, मामा.”

“म्हंजे कशात काम करायलास? दिसत तर न्हाईस.”

“दिसत नसतो मामा. ते जे बोलतात ना, ते मी लिहितो.”

“मंग ते मनानं बोलत न्हाईत?”

“नाही.”

“ती बाई सासूला एवढं टाकून बोलती, ते तू सांगतूस तिला?”

“हो.”

मामा बराच वेळ गप्प बसतात. मग आत वळून मामीला म्हणतात, “आगं, ऐकलंस का? ह्योच हाय तो.”

त्यानंतर मामी चहा देतात, पण त्यात साखर कमी असते.

डॉक्युमेंट्री लिहिणाऱ्याची अवस्था याहून वाईट. मालिकेचं निदान पटवून तरी देता येतं. डॉक्युमेंट्रीच्या बाबतीत मामांचा प्रश्न असा असतो, की त्यात समदं खरंच असतंय ना, मग तू त्यात लिहायलास काय? या प्रश्नाला आजवर कुणाकडं नीट उत्तर नाही, माझ्याकडं कुठून असणार? सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचं चित्रण केलं. आपल्याकडच्या माहितीपटांची सुरुवात तिथून मोजतात. त्या चित्रपटाला लेखक नव्हता. दोन पैलवान होते आणि एक कॅमेरा होता, काम झालं. मामांचं म्हणणं त्याहून वेगळं नाही.

खरं तर भागांमागून भाग लिहिण्याची परंपरा आमच्या मुलखाला नवी नाही. जनाबाई गंगाखेडच्या. नामदेवांचं नर्सी हे गाव, १ मे १९९९ ला हिंगोली जिल्हा वेगळा होईपर्यंत, परभणी जिल्ह्यातच होतं. आख्यायिका अशी, की नामदेवांनी शतकोटी अभंगांचा संकल्प सोडला आणि तो एकट्याच्यानं होईना, तेव्हा घरातल्या प्रत्येकाच्या वाट्याला अभंग आले. आई, बायको, मुलं, सुना आणि जनाबाईसुद्धा. अंधेरीच्या ऑफिसात काचेच्या भिंतीआड पाच जण बसवून ज्याला आज ‘रायटर्स रूम’ म्हणतात ती हीच. एकच कल्पना, एकच नायक, लिहिणारे अनेक आणि टार्गेट अशक्य. मराठी मालिका आठवड्याला सहा दिवस चालते. त्या वेगानं शतकोटीला किती वर्षं लागली असती याचा हिशेब मी केला नाही, पण नायक लोकप्रिय असल्यामुळं चॅनेलनं मुदतवाढ दिली असती यात शंका नाही.

फरक दोनच. जनाबाईंच्या जात्याला हात लावायला रात्री साक्षात विठ्ठल यायचा, आमच्याकडं रात्री दोनला फक्त ईपीचा, म्हणजे एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसरचा, फोन येतो. आणि दुसरा फरक महत्त्वाचा. त्या घरातल्या प्रत्येकानं आपलं नाव अभंगाच्या शेवटच्या ओळीत विणून ठेवलं. सातशे वर्षं झाली, जनाबाईंचं नाव कुणाला कापता आलेलं नाही, कारण ते कापलं तर अभंगच उसवतो. आमचं नाव नामावलीत येतं. नामावली सुरू झाली की पडदा अर्धा होतो, एका बाजूला आमची नावं मुंग्यांच्या आकारात पळू लागतात आणि दुसऱ्या बाजूला पुढच्या मालिकेतली नायिका जिन्यावरून पडते. ती पडून होईपर्यंत आम्ही संपलेलो असतो. जनाबाईंना व्यवसायाची जाण होती, एवढंच म्हणतो.

घरच्यांनी दिलेला आदर्श वेगळा असतो. परभणीत लिहिण्याचा नाद लागलेल्या पोराला वडीलधारे बी. रघुनाथांचं उदाहरण देतात. “एवढा मोठा कवी, एवढा मोठा कादंबरीकार, पण नोकरी सोडली का? निजाम सरकारच्या बांधकाम खात्यात कारकुनी केली, आणि वरकड वेळात लिहिलं.” उदाहरण चांगलं आहे. बी. रघुनाथ १९५३ साली, चाळिसाव्या वर्षीच गेले, हा त्यातला भाग वडीलधारे सांगत नाहीत.

नोकरी नाही म्हटल्यावर सुरुवात आकाशवाणीपासून व्हायची. परभणीला स्वतःचं आकाशवाणी केंद्र आहे, आणि टीव्हीवर लिहिणारे आमच्याकडचे कितीतरी हात आधी तिथं बसले आहेत. एखादं नभोनाट्य, एखादी श्रुतिका, बोंडअळीवर दोन शेतकऱ्यांचा खुसखुशीत संवाद. बोंडअळीवर खुसखुशीत लिहिता आलं की पुढं सासू-सुनेवर लिहिणं जड जात नाही. मानधन थोडं असायचं, पण यायचं. शिवाय तुमचं नाव निवेदिका पूर्ण, सावकाश आणि एकदम स्पष्ट उच्चारायची. लेखकाचं नाव शेवटपर्यंत ऐकू येणारं ते एकच माध्यम.

मग मुंबई. म्हणजे प्रत्यक्षात ठाणे, आणि ठाण्यातही घोडबंदर रोड. महाराष्ट्रातली बरीचशी घराणी, वाडे, बंगले, पोलीस ठाणी आणि आयसीयू या एका रस्त्याच्या आजूबाजूला आहेत. बाहेरच्या माणसाची समजूत असते, की मालिका एक लेखक लिहितो. तसं नसतं. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे आणि बदल सगळ्यांचे. कथा लिहिणारा सांगतो, की या आठवड्यात घर फुटणार. पटकथावाला ठरवतो, की ते मंगळवारी जेवणाच्या टेबलावर फुटणार. संवादवाल्यानं ते बावीस मिनिटांत फोडायचं. तोवर चॅनेलचा निरोप येतो, की घर फुटायला नको, नुसतं फुटेल असं वाटू दे. म्हणून सोमवारी फुटायला आलेलं घर शनिवारपर्यंत फुटायला आलेलंच राहतं.

ठाण्यातल्या कोणत्याही लेखकाला झोपेतून उठवून वार विचारा, तो गुरुवार सांगेल. गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात. आमच्याकडं गुरुवार दत्ताचा, साईबाबांचा आणि गजानन महाराजांचा. टीव्हीच्या धंद्यात तो आकड्यांचा. आकडा चढला तर श्रेय नायिकेचं, उतरला तर दोष ‘रायटिंग’चा. उतरलेल्या आकड्यावर उपायही ठरलेले आहेत. अपहरण, स्मृतिभ्रंश, जुळी बहीण, आणि काहीच चाललं नाही तर सहा वर्षांची लीप. लीपमध्ये सगळ्यांची मुलं मोठी होतात आणि लेखक बदलतो. ‘चार दिवस सासूचे’ नावाची मालिका अकरा वर्षं चालली आणि तिचे तीन हजारांवर भाग झाले. ज्या धंद्यात चार दिवस अकरा वर्षांचे होतात, तिथं लेखकाला करारानं नव्वद दिवसांनी मिळणारे पैसे केव्हा मिळत असतील याचा अंदाज वाचकांनी करावा.

धंद्यातले शब्द गावाकडं नीट पोहोचत नाहीत. प्रसारणाच्या पुढं जेवढे भाग चित्रित होऊन तयार असतात त्याला ‘बँक’ म्हणतात. पावसाळ्यात सेटवर पाणी शिरलं, नटाला ताप आला, की बँक संपते आणि लेखकाची झोप उडते. एकदा फोनवर मी घरी सांगितलं, की फार गडबडीत आहे, बँक संपली. दुसऱ्या दिवशी सकाळी वडिलांचा फोन आला. आवाज खोल गेलेला. “किती होते रे तुझे त्याच्यात?” आमच्याकडं पतसंस्था बुडताना ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना ही चौकशी विनोदी वाटणार नाही. मी समजावून सांगितलं, की ती बँक म्हणजे पैशाची बँक नाही. त्यावर ते म्हणाले, “मग पैसे कुठं ठेवतूस?” या प्रश्नाचं उत्तर जास्त अवघड होतं.

सगळ्यात कठीण काम म्हणजे माणसं घालवणं. एखाद्या नटाला दुसरीकडं चित्रपट मिळतो, त्याला पंधरा दिवस सुट्टी हवी असते. निरोप रात्री येतो. त्याला मारता येत नाही, कारण तो परत येणार असतो. आजारी पाडता येत नाही, कारण मग हॉस्पिटलचा सेट लागतो. तेव्हा मराठी मालिकांनी शोधलेला जालीम उपाय लेखक वापरतो. “काका गावी गेलेत.” मराठी टीव्हीवर गेल्या पंचवीस वर्षांत असंख्य काका, आत्या, धाकटे दीर आणि एकेकदा घरातला नोकरसुद्धा गावी गेला आहे. हे गाव कधी दाखवत नाहीत. तिथं काका काय करतात हे कुणी विचारत नाही. कामाचा उरला नाही म्हणून जिथं धाडतात आणि परत येईपर्यंत जे पाहायची कुणाला गरज वाटत नाही, असं ते गाव. मी लिहिताना मनात नेहमी परभणी धरतो. नहीं तो परभणी.

आता मुद्द्याचं. गावं टीव्हीवर येत नाहीत असं नाही. ‘तुझ्यात जीव रंगला’नं कोल्हापूरला राणादा दिला. ‘लागिरं झालं जी’नं साताऱ्याला फौजी दिला. ‘रात्रीस खेळ चाले’नं कोकणाला अण्णा नाईक आणि भुतं दिली. ‘माझ्या नवऱ्याची बायको’नं नागपूरला राधिका दिली आणि राधिकानं मसाले दिले. जिल्हावार वाटप चालू असताना मराठवाड्याचा नंबर आला की चॅनेलच्या बैठकीत शांतता पसरते. मग कुणीतरी चष्मा काढून म्हणतं, “तिकडचं थोडं डार्क होईल ना?”

मी एकदा धीर करून म्हणालो, की नायिका सेलूची करू. सगळ्यांना आवडलं. फक्त ती बोलणार कशी, असा प्रश्न निघाला. मी परभणीत जसं बोलतात तसं दोन-चार वाक्यं बोलून दाखवलं. ‘कामून’, ‘काय करायलास’, ‘लई आगाव हाय’. क्रिएटिव्ह हेड म्हणाल्या, की फार गोड आहे, पण गावाकडचं वाटत नाही. परभणीच्या माणसासमोरच त्यांनी परभणीची भाषा गावाकडची नाही असं ठरवलं. शेवटी ती सेलूची मुलगी ‘न्हाय’, ‘व्हय’ आणि ‘रांगडं’ असं एक सर्वसाधारण गावठी बोलली, जे महाराष्ट्रातल्या कोणत्याच गावात बोलत नाहीत आणि सगळ्या मालिकांत बोलतात. तिसऱ्या आठवड्यात तिचं गाव बदलून सातारा झालं. ती मुलगी आनंदात होती म्हणे.

तरी सातारा परवडला. डॉक्युमेंट्रीवाल्यांचं काय सांगू? ते येतात. हमखास येतात. आणि मे महिन्यात येतात.

त्यांना भेगाळलेली जमीन हवी असते. आमची जमीन काळी, कपाशीची. पावसाळ्यात ती फुगते आणि उन्हाळ्यात आकसून तिला भेगा पडतात. चांगल्या पावसाच्या वर्षीही पडतात. त्या भेगांतून पहिला पाऊस खोलवर मुरतो, म्हणून शेतकरी त्यांच्याकडं प्रेमानं पाहतो. पण ड्रोनला हे कोण सांगणार? ड्रोन भेगेवरून वर उठतो, बासरी वाजते, आणि माझ्यासारखा कुणीतरी निवेदनात लिहितो, ‘ही आहे तहानलेली धरती.’ मालक शेजारी उभा राहून सांगत असतो, की साहेब, औंदा दुबार पीक निघालं. त्याचा बाइट एडिटमध्ये जातो.

दुष्काळ खोटा नव्हे. १९७२ चा दुष्काळ आमच्या घरातल्या म्हाताऱ्या माणसांनी अंगावर काढलाय, आणि त्यानंतरचे आम्ही पाहिलेत. त्यावर विनोद करायची माझी छाती नाही. तक्रार वेगळी आहे. १९७२ हे साल काढून बघा. त्या साली दुष्काळ होता. त्याच साली १८ मे रोजी परभणीला कृषी विद्यापीठ स्थापन झालं. त्याच साली २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. आणि त्याच साली नोव्हेंबरात आमच्या जिल्ह्यातल्या मानवतला ते भयंकर खूनसत्र सुरू झालं, जे १९७४ च्या जानेवारीपर्यंत चाललं. एका जिल्ह्याला एका वर्षात इतकं मटेरियल क्वचित मिळतं. मुंबईत तेव्हाच एक पडदा उघडला होता. त्या पडद्यानं आणि त्याच्या पुढच्या सगळ्या पडद्यांनी दुष्काळ उचलला आणि खून उचलले. विद्यापीठाला संध्याकाळी ‘आमची माती, आमची माणसं’मध्ये थोडी जागा मिळाली.

मानवतचं म्हणाल तर पडद्यानं काही हातचं राखलं नाही. अमोल पालेकरांचा ‘आक्रीत’ १९८१ चा, लेखन विजय तेंडुलकरांचं. २०२४ साली ‘मानवत मर्डर्स’ ही वेब मालिका आली. तपास करणाऱ्या रमाकांत कुलकर्णींच्या भूमिकेत आशुतोष गोवारीकर, आणि सोबत मकरंद अनासपुरे, सोनाली कुलकर्णी, सई ताम्हणकर. दोन्ही कामं गंभीर आहेत, आणि ज्या बायका, ज्या पोरी तिथं मेल्या त्यांच्याबद्दल बोलताना आवाज खाली येतो. पण मानवतच्या व्यापाऱ्याची बाजूही ऐकायला हवी. हे गाव कापसाच्या बाजारासाठी नावाजलेलं. आता परगावच्या माणसाला ‘मी मानवतचा’ असं सांगितलं की तो कापसाचा भाव विचारत नाही. तो आधी थोडा सरकून बसतो, मग बारीक आवाजात म्हणतो, “म्हणजे तेच का?”

चांगल्या गोष्टी विकायचा प्रयत्न मी केलेला आहे. एका निर्मात्याकडं मी डॉक्युमेंट्रीचा प्रस्ताव नेला. नाव, ‘परभणी क्रांती’. तो खुर्चीत ताठ बसला.

“कोणत्या साली झाली?”

“पंच्याऐंशीच्या सुमारास.”

“कमाल आहे, आम्हाला माहितीच नाही! लढा कुणाविरुद्ध?”

“एका विषाणूविरुद्ध. पानांच्या शिरा पिवळ्या करतो.”

“नेतृत्व कुणाचं?”

“कृषी विद्यापीठाचं.”

तो जरा मागं टेकला. “म्हणजे नेमकं काय आहे हे?”

“भेंडी,” मी म्हणालो.

भेंडीचा ‘परभणी क्रांती’ हा वाण विद्यापीठानं काढला. या रोगाला दाद न देणारी ही भेंडी महाराष्ट्राच्या बाहेरही शेतकऱ्यांनी लावली. ज्वारीत ‘परभणी मोती’ आणि ‘परभणी ज्योती’ आहेत. २०१८ मध्ये आलेली ‘परभणी शक्ती’ ही लोह आणि जस्त जास्त असलेली ज्वारी आहे. मोती, ज्योती, शक्ती, क्रांती. एका मालिकेतल्या चार सुनांची नावं तयार आहेत, चॅनेलनं नुसती उचलायची. निर्मात्यानं मला चहा पाजला आणि विचारलं, की तिकडं शेतकऱ्यांचं काही ‘स्ट्राँग’ नाही का? भेंडीनं कुणाला रडू येत नाही, हे त्याचं म्हणणं धंद्याच्या दृष्टीनं बरोबर होतं.

सरकारी माहितीपट हा या व्यवसायातला सर्वांत सुरक्षित प्रकार समजतात. सूर्योदय, पाणी शेंदणारी बाई, साहेबांचा बाइट, बचत गट, साहेबांचा बाइट, सूर्यास्त. तोंडपाठ असतं. पण परभणीत तोही सुरक्षित नाही, कारण जिल्ह्यात पाथरी आहे. जानेवारी २०२० मध्ये तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी साईबाबांचं जन्मस्थान म्हणून पाथरीच्या विकासाला शंभर कोटी जाहीर केले आणि त्याच्या निषेधात १९ जानेवारीला शिर्डी बंद झाली. वादात कोण बरोबर हा माझा विषय नाही. पण त्या काळात या मुलखावर निवेदन लिहिणाऱ्या माणसाकडं जरा सहानुभूतीनं पाहा. ‘जन्म’ हा शब्द कुठंही येऊ द्यायचा नाही, असं सांगितलं की संहितेची काय गत होते? ‘असे मानले जाते’, ‘भाविकांची श्रद्धा आहे’, ‘काही अभ्यासकांच्या मते’ हे लिहीत लिहीत लेखक पुढं जातो, आणि सवय अशी लागते की गंगाखेडवर आल्यावरही तो लिहून बसतो, ‘जनाबाई इथल्या असल्याचे मानले जाते.’ मग गंगाखेडवाले बंद पुकारतात की काय, या काळजीनं त्याची पुढची रात्र जाते.

धारासूरचं गुप्तेश्वराचं मंदिर, चारठाण्याची जुनी देवळं, जिंतूरजवळच्या नेमगिरीतली जैन लेणी, परभणीत फेब्रुवारीत भरणारा तुरतपीर बाबांचा उरूस. यादी लांब आहे. यातल्या कशावरही कॅमेरा लावा, कुणी बंद पुकारणार नाही. म्हणूनच बहुधा कुणी कॅमेरा लावत नाही.

पैशाचं बोलायचं तर कायदा आमच्या बाजूनं आहे. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि पटकथा लिहिणाऱ्याचा स्वामित्वधनाचा हक्क काढून घेता येणार नाही, असं ठरलं. मराठीत मालिका, नाटक, चित्रपट यांच्या लेखकांची संघटनाही आहे, आणि तिचं नाव ‘मानाचि’. मान तरी नावात आणला, हे चांगलं झालं. पण स्वामित्वधन परभणीच्या लेखकापर्यंत पोहोचतं ते जायकवाडीच्या पाण्यासारखं. डावा कालवा २०८ किलोमीटरचा, आमचा जिल्हा टेलला. पाणी सोडल्याची बातमी पेपरात वेळेवर येते. शेतकरी बांधावर जाऊन उभा राहतो. वरच्या अंगाला ज्यांच्या मोटारी आहेत त्यांचं पीक तरारतं.

यातून शहाणपणानं वाट काढली ती परभणीच्या संकर्षण कऱ्हाडेनं. तो लिहितो आणि दिसतोही. त्यामुळं त्याच्या मामांना प्रश्न पडत नसावा. त्यानं लिहिलेल्या दोन नाटकांची नावं बघा. एक ‘तू म्हणशील तसं’ आणि दुसरं ‘नियम व अटी लागू’. नाटकं संसारावरची आहेत, पण टीव्हीच्या लेखकानं चॅनेलशी केलेल्या कराराचं पहिलं आणि शेवटचं पान याहून थोडक्यात कुणी लिहिलेलं नाही. न दिसणाऱ्यांतही मराठवाड्याचे अरविंद जगताप आहेत. ‘चला हवा येऊ द्या’मध्ये पोस्टमनच्या वेशात सागर कारंडे पत्र वाचायचा आणि आख्खा महाराष्ट्र डोळे पुसायचा, ती पत्रं जगतापांनी लिहिलेली. आमच्याकडं अजून काही जणांना ती पत्रं पोस्टानंच येत होती असं वाटतं. लेखनाला याहून मोठी दाद नाही आणि लेखकाला याहून मोठा धोका नाही.

तर चॅनेलवाल्यांना, निर्मात्यांना आणि ड्रोनवाल्यांना एवढंच सांगायचं आहे, की परभणीला जरूर या. मेमध्ये येऊ नका, ऑगस्टअखेरीस या. तेव्हा कापूस कमरेला आलेला असतो, सोयाबीन शेंगांत असतं, गोदावरीला पाणी असतं आणि भेगा सापडत नाहीत. येताना एखादी सून सोबत आणा, ‘गावी गेलेले’ तुमचे सगळे काका इथं आहेतच. बोली कुणाकडून लिहून आणू नका, इथं कुणालाही थांबवून बोलतं करा, तो दुपारपर्यंत सोडणार नाही. राहायची, जेवायची, चहाची सोय आम्ही करू. लेखकाचे पैसे तेवढे तुम्ही द्या, आणि नव्वद दिवसांत द्या.